गुडघ्यांवरचं सोनं

नोकरीत शेकडो मुद्देमाल हाताखालून गेले. बहुतेक विसरलो. एका मुद्देमालासाठी मात्र आमच्या हवालदाराने बूट काढून खोलीचं कुलूप उघडलं होतं. तो काही केल्या विसरता येत नाही.

तेव्हा मी निलंगा तालुक्यातल्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. हद्दीतलं शेवटचं गाव ओलांडलं की कर्नाटक. एके सकाळी हजेरी आटोपून टपाल बघत होतो, तेव्हा एक मराठी भिक्खू येऊन समोर बसले. थायलंडच्या एका वयस्क भन्तेंना घेऊन ते गावोगावच्या विहारांना भेटी देत होते. आदल्या दिवशी हद्दीतल्या एका वस्तीवरच्या विहारात हे थाई भन्ते मूर्तीपुढे वाकले आणि बराच वेळ उठलेच नाहीत. उठले तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं, ही मूर्ती तुम्हाला कोणी दिली?

मूर्ती हातभर उंचीची, कांस्याची, बैठी. अंगावरचा सोन्याचा मुलामा झिजून खालचा काळसर धातू दिसत होता. दोन्ही गुडघ्यांवर मात्र सोनं जाड आणि फुगीर होतं. भिक्खूंनी मला त्याचं कारण समजावून सांगितलं. थायलंडमध्ये भाविक सोन्याचं पातळ पान मूर्तीला चिकटवतात आणि ज्याचं जे दुखतं तिथेच ते लावतात. पिढ्यान्‌पिढ्या म्हाताऱ्या माणसांनी या गुडघ्यांवर पानं लावलेली होती. अशी पूजेतली मूर्ती कोणतंही मंदिर देऊन टाकत नाही. शिवाय जुनी बुद्धमूर्ती परवानगीशिवाय देशाबाहेर नेऊ नये, असा तिकडे कायदा आहे.

"साहेब, सांगू की नको, असं रात्रभर वाटत होतं," ते म्हणाले. "वस्ती दुखावणार."

मूर्ती दान दिली होती बियाणं-खतांच्या एका दुकानदाराने. विक्री चांगली केली की कंपन्या अशा दुकानदारांना बँकॉकची सहल घडवतात. हा तसाच जाऊन आला होता. परतल्यावर मंडप घालून, माईकवर भाषणं करून त्याने मूर्ती वस्तीच्या स्वाधीन केली. बाजार समितीची निवडणूक तोंडावर होती, हे सांगायला नकोच.

पुरातत्त्व खात्याच्या माणसाला बोलावून मूर्ती दाखवली. जुनी आहे, असा अभिप्राय त्याने दिला. मग गुन्हा नोंदवला आणि पंच घेऊन वस्तीवर गेलो. लोक आधीच जमले होते. आरडाओरडा नव्हता, आणि मला त्याचीच जास्त भीती वाटली. विहार झाडण्याचं काम एक आजी करायच्या. गुडघे दुखायचे म्हणून भिंतीला धरून चालायच्या. त्या मूर्तीच्या बाजूला बसून राहिल्या होत्या. त्यांचा पुतण्या पुढे आला.

"आमच्या पदरात कायी पडलं की तेच चोरीचं निघतंय का, सायेब?"

पंचनामा केला, मूर्ती पांढऱ्या कापडात गुंडाळली आणि मांडीवर घेऊन जीपमध्ये बसलो. ठाण्यात प्रत्येक मुद्देमालाला लेबल बांधावं लागतं. हवालदार सुतळी हातात घेऊन तसाच उभा राहिला. गळ्यात बांधायची त्याची तयारी नव्हती, हाताला बांधायचीही नव्हती. शेवटी लेबल बैठकीला बांधून त्यावर लाखेचं सील केलं.

त्या संध्याकाळपासून वस्तीवरचे लोक ठाण्यात यायला लागले. मुद्देमाल खोलीच्या बंद दारासमोर व्हरांड्यात बसायचे, वंदना म्हणायचे आणि उठून जायचे. मी हरकत घेतली नाही. स्टेशन डायरीत याची नोंद काय करावी, हा प्रश्न हवालदाराला पडला. त्याने लिहिलं, वस्तीवरील इसम मुद्देमालाच्या भेटीस आले व शांततेत परत गेले.

दुकानदाराला चौकशीला बोलावलं. तिथल्या मंदिराच्या प्रमुख भन्तेंनी स्वतःच्या हाताने मूर्ती दिली, हे त्याचं एकच पालुपद. मी चहा मागवला आणि त्याच्याकडून मोबाइल घेतला. नावेतला फोटो, हॉटेलातल्या जेवणाचा फोटो, हत्तीला केळी देतानाचा फोटो. शाळेत चार वह्या वाटल्या तरी चौकात स्वतःचं बॅनर लावणारा हा माणूस.

"भन्तेंनी स्वतःच्या हाताने मूर्ती दिली आणि तुम्ही फोटो काढला नाही?" मी विचारलं.

तो चहाकडे बघत राहिला. मीही गप्प बसलो. खोटं बोलणाऱ्याला दरडावणीपेक्षा समोरच्याचं गप्प बसणं जास्त जड जातं, हा माझा अनुभव.

"तितल्या एका दुकानातून घेतली, सायेब," शेवटी तो बोलला. "मागल्या खोलीतून काढून दिली दुकानवाल्यानं. वरून प्लास्टरचा लेप दिला, इमानतळावर शोभेची वाटावी म्हून. घरी आल्यावर धुऊन काढला."

"चोरीची आहे का, विचारलं नाही?"

"न्हाई इचारलं."

हे उत्तर मी फार जणांकडून ऐकलं आहे. ज्याला आतून माहीत असतं तो विचारत नाही.

कागद वरिष्ठांमार्फत दिल्लीला आणि तिथून दूतावासाला गेले. बऱ्याच महिन्यांनी उत्तर आलं. सोबत तिकडच्या एका खेड्यातल्या देवळाचा जुना फोटो होता. त्यात तीच मूर्ती, तेच फुगलेले गुडघे, आणि पुढे सतरंजीवर बसलेल्या म्हाताऱ्या बाया. तो फोटो मी स्वतः वस्तीवर नेला. मूर्ती परत देण्याचा कोर्टाचा आदेश झालाच होता, पण नुसता आदेश दाखवून ती ठाण्यातून परस्पर पाठवावी, हे मला पटेना. आजींनी फोटो डोळ्यांजवळ धरून पाहिला.

"तितं बी गुडघे धरूनच बसल्यात की बाया," त्या म्हणाल्या. त्यानंतर वस्तीवर कोणी वाद घातला नाही.

मूर्ती सोपवायच्या दिवशी दूतावासाचे अधिकारी पेटी घेऊन, दुभाष्यासह ठाण्यात आले. हवालदाराने बूट काढून मुद्देमाल खोलीचं कुलूप उघडलं आणि पंचांसमोर सील तोडलं. आजी पुतण्याच्या आधाराने पुढे आल्या. त्यांनी मूर्तीच्या दोन्ही गुडघ्यांवर हात ठेवले, मग तेच हात स्वतःच्या गुडघ्यांवर ठेवले, आणि दुभाष्याकडे वळल्या.

"तितल्या बायांना सांगा, आमी बी हात लावून राहिलो होतो. पन त्यांचं सोनं खरवडलं न्हाई कुनी."

दुभाष्याने ते सांगितलं. थाई अधिकाऱ्याने आजींसमोर वाकून हात जोडले. मला तिथे उभं राहवेना. मी खिडकीपाशी जाऊन रुमाल काढला.

खटला अजून चालू आहे. दुकानदार जामिनावर सुटून दुकानात बसतो. विहारात नवी मूर्ती बसली, असं ऐकतो. मी मात्र त्या दिवसानंतर एक सवय लावून घेतली आणि निवृत्त होईपर्यंत ती सोडली नाही. चोरीची फिर्याद घेताना छापील नमुन्यात वस्तूची किंमत विचारायची असते. ती मी नंतर विचारायचो. आधी विचारायचो, या वस्तूला रोज कोणाचा हात लागायचा?