डुकरांसाठी ठेवलेली फट

बाबांनी शेत माझ्या धाकट्या भावाच्या हाती सोपवलं त्याला दोन वर्षं झाली. तेव्हापासून ते ओसरीवर बसून रस्ता बघतात. तब्येत ठणठणीत आहे, पण पाणी कधी तोडायचं, हळद कधी काढायची, हे सगळं भाऊ मोबाइलवर बघून ठरवतो. "मला कोण इचारतंय आता?" हे बाबांचं वाक्य मी सुट्टीत माहेरी, कुरुंद्याला आले की दरवेळी ऐकते. मला ते अजिबात ऐकवत नाही. म्हणून या मे महिन्यात मी लॅपटॉपमध्ये एक जुना गेम घालून नेला.

त्या गेमची आमची ओळख जुनी आहे. बारावीनंतर डी.एड.चा ऑनलाइन फॉर्म भरायला बाबा मला वारंगा फाट्यावरच्या नेट कॅफेत घेऊन गेले होते. साइट काही उघडेना. कॅफेवाल्याला आमची दया आली आणि त्याने ब्राउझरमध्ये एक गेम लावून दिला. एका बाजूने राक्षसांच्या रांगा येणार, दुसऱ्या बाजूला आपला किल्ला, आणि मधल्या मोकळ्या मैदानात बुरूज उभारून त्यांना अडवायचं. मी वर्गात पहिली येणारी मुलगी! या टोकापासून त्या टोकापर्यंत सलग बुरूज लावून टाकले. राक्षसांनी मनाला येईल तिथे ते फोडले आणि किल्ल्यात शिरले. तीनदा हरले, तरी माझी भिंत काही सुटेना.

बाबा मागे तंबाखू मळत बसले होते. "समदं काहून बंद करून राहिली?" ते म्हणाले. "डुकराला वाट न्हाई ठेवली तर ते कुठूनबी घुसतंय. एक फट ठेव. मग तिथूनच येतंय बराबर."

आमच्या भुईमुगाला ते असंच करायचे. चहूकडून काट्यांचं कुंपण, एका कोपऱ्यात मुद्दाम सोडलेली फट, आणि तिथेच डबा वाजवायला स्वतः बसायचे. मी एक बुरूज काढला. सगळे राक्षस मुकाट्याने त्या फटीकडे वळले. मग काय, फटीच्या दोन्ही अंगांना बुरूज लावत आम्ही थेट शेवटच्या रांगेपर्यंत पोचलो, आणि लाइट गेली.

फॉर्म दुसऱ्या दिवशी भरला. मी शिक्षिका झाले. ती शेवटची रांग तेवढी राहून गेली. कित्येक वर्षं बाबा मध्येच विचारायचे, "आपली डुकरं येतेत का गं अजून?"

आता तो गेम कुठल्याच ब्राउझरमध्ये चालत नाही. ज्याच्या जोरावर तो चालायचा तो प्रोग्रामच बंद पडलाय. शाळेतल्या संगणकाच्या सरांना मी महिनाभर पिडलं. "मॅडम, एखादा नवा घ्या की," ते वैतागून म्हणाले. मला नवा नको होता. शेवटी त्यांनीच शोधून काढलं की कुणा हौशी लोकांनी असे गेम जपून ठेवलेत, आणि ते चालवायला एक छोटा प्रोग्रामही केलाय.

ओसरीवर लॅपटॉप उघडला तेव्हा बाबांनी चष्मा धोतराने पुसला. "हे फाट्यावरचं न्हवं का?"

"व्हय, तेच."

त्यांनी खुर्ची पुढे ओढली. माऊस माझ्या हातात, हुकूम त्यांचा. "इथं एक. तिथलं काढ. अगं, फट बुजवू नको!" पडद्यावर त्यांच्या बोटांचे ठसे उमटत होते आणि मला इतकं छान वाटत होतं की मी मुद्दाम एकदोन चुका केल्या.

शेवटची रांग आली तेव्हा भाऊ रानातून परतला. हातात पक्कड, चेहरा उतरलेला. यंदा मोठ्या हौसेने त्याने भुईमुगाला सगळीकडून तारेची जाळी मारली होती, आणि डुकरांनी ती तिसऱ्यांदा उकरली होती, दरवेळी वेगळ्या जागी. तो आमच्या मागे उभा राहून बघत राहिला. राक्षस एकामागोमाग फटीत आले आणि संपले. आम्ही जिंकलो. बाबांनी मांडीवर थाप मारली.

भावाने पक्कड ओसरीच्या कडेला ठेवली. मग खाली बघत म्हणाला, "बाबा, आपल्या वावराला फट कुण्या कोपऱ्यात ठेवू?"

बाबांनी लॅपटॉपकडे पुन्हा पाहिलंही नाही. उठले, चपला पायात सरकवल्या.

"इथं बसून काय सांगू? चल, दावतो."