सावल्यांची फीत

बारामतीचा गेणबा फोटोग्राफर अर्धवट आहे, यावर गावाचं एकमत होतं. एकोणीसशे चौतीस साली एका फिरत्या सिनेमावाल्याकडून त्यानं हातानं फिरवायचा जुना कॅमेरा घेतला आणि ठरवलं काय, तर सिनेमा काढायचा, पण माणसांचा नाही, नुसत्या सावल्यांचा!

"तोंडं सोडून सावल्या कोण बघंल रं?" लोक विचारत. तो हसून चुना कालवत बसे.

परसातली भिंत त्यानं पांढरीशुभ्र केली. फीत एकच, दोन मिनिटांची. श्रावणातल्या उन्हात त्याची सात वर्षांची रतन डोक्यावर कळशी घेऊन भिंतीपुढून चालली, पाणी सांडलं, मग नाचलीच. "माझ्याकडं बघू नगं, सावली भिंतीवर पडू दे," म्हणत बाप हँडल फिरवत राहिला.

भाद्रपदात हिवतापानं रतन गेली. गावभरच्या पोरांचे फोटो काढणाऱ्या या शहाण्याकडं स्वतःच्या पोरीचा एकही फोटो नव्हता. घरचीच तर आहे, काढू कधीही! आता ती उरली होती डब्यातल्या न धुतलेल्या फितीवर. दसरा झाला की पुण्याला जाऊन फीत धुऊन आणायची, एवढ्या एका आशेवर तो घास गिळत होता.

खंडेनवमीला धंद्याची हत्यारं पुजतात. गेणबा फुलं आणायला बाजारात गेला होता. इकडं त्याच्या बायकोनं, म्हाळसानं, कॅमेरा पुसून पाटावर मांडला आणि डबाही उघडला. पूजेची वस्तू झाकून कशी ठेवायची? फितीभोवतीचा काळा कागद काढून तिनं फितीला हळदकुंकू वाहिलं. मग मात्र तिला राहवलं नाही.

गेणबा परतला तेव्हा ती परसात उभी होती. सगळी फीत उलगडून उन्हात धरलेली.

"अवं, हिच्यात रतन कुठं हाय? मला दिसंना."

फुलं त्याच्या हातातून गळाली. धुण्याआधी ऊन लागलं तर फीत वाया जाते, हे त्यानं तिला कधी सांगितलंच नव्हतं.

"गेली गं. पुन्यांदा गेली," एवढंच म्हणाला आणि ऊर फुटेस्तोवर रडला.

आठ दिवस कॅमेऱ्याला कुणी हात लावला नाही. नवव्या दिवशी उन्हं भिंतीवर आली, तशी म्हाळसा उठली. रतनची कळशी डोक्यावर घेऊन भिंतीपुढं गेली आणि सावली पोरीएवढीच पडावी म्हणून गुडघ्यांवर चालू लागली.

"फिरवा," ती म्हणाली.

कॅमेऱ्यात फीत नव्हती. गेणबा हँडल फिरवू लागला.