वाडीसाठी दिलेला अंगठा

शेणव्याच्या महिपतला कुणाला नाही म्हणता येत नसे. आसनगाव स्टेशन ते शेणवा अशी त्याची जीप चालायची, आणि जीपबरोबर अख्ख्या गावाची कामं. कुणाचं औषध शहापुरातून आण, कुणाच्या म्हातारीला दवाखान्यात ने, कुणाच्या जावयाला स्टेशनवरून उचल. बायको गोजर म्हणायची, "तुमी गावाचे गडी का घरचे, येकदा ठरवा." तो हसायचा आणि चावी उचलायचा. अशा माणसाचं देव भलं करतो म्हणे. म्हणायला काय जातं.

गावाच्या टोकाला वाडी आहे. तिथली माणसं दिवाळी झाली की वीटभट्ट्यांवर जातात आणि पावसाच्या तोंडावर परततात. मागं राहतात म्हातारीकोतारी. त्यांची खुशाली कळायची तर फोन हवा, फोनला सिमकार्ड हवं आणि सिमकार्डाला बोटाचा ठसा. इथंच घोडं अडायचं. जन्मभर माती कालवून आणि विटा उचलून या लोकांच्या बोटांवरच्या रेघाच गुळगुळीत झालेल्या, दुकानातलं यंत्र ठसा घेईना. वाडीतला बारक्या बोट धुऊन, शर्टाला पुसून, पुन्हा पुन्हा दाबून थकला. शेवटी महिपत पुढं झाला, "सरक बाजूला," म्हणाला आणि आपला अंगठा टेकवला. सिम बारक्याला मिळालं, नाव मात्र महिपतचं लागलं. मग ठकूचं झालं, नवसूचं झालं. दुकानदार 'आता पुरे' म्हणेपर्यंत हे चाललं. भट्टीला निघायच्या आधी महिपतला दुकानात न्यायचं, ही वाडीची रीतच होऊन बसली.

मग एक दिवस साध्या कपड्यांतले दोघे घरी आले. दिल्लीच्या खात्यातून आलोय, एवढंच बोलले. नाव सांगितलं नाही, कागद दाखवला नाही. गोजरनं चहा ठेवला. त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, "तुमच्या नावावर नंबर किती?" शहाणा माणूस इथं सावध झाला असता. आमचा महिपत फुशारला. "अख्खी वाडी माझ्या अंगठ्यावर बोलते, साहेब." दोघांनी एकमेकांकडे बघितलं, चहा संपवला आणि निघून गेले. महिपतला वाटलं, सरकार आता वाडीला टॉवर देतंय.

त्याची एकुलती एक पोर स्नेहल. मुरबाडला मामाकडे राहून, सिद्धगडाच्या अंगच्या चढणीवर धावून धावून तिनं पाय तयार केले होते. केंद्राच्या एका सुरक्षा दलाच्या भरतीत ती परीक्षा पास झाली, धावण्याच्या चाचणीत उतरली, डॉक्टरच्या तपासणीतही उतरली. महिपतनं जीपमध्ये बसेल त्याला पेढा दिला. बरोबरच्या मुलींना ट्रेनिंगचं बोलावणं आलं, हिला आलं नाही. भरतीच्या कार्यालयात फोन लावला तेव्हा पलीकडून एवढंच कळलं, की वरून रिपोर्ट वाईट आहे. कुणी दिला, कशाबद्दल दिला, हे विचारेपर्यंत फोन बंद. पुढची भरती तिची शेवटची, नंतर वयात बसणार नव्हती. आणि तो रिपोर्ट तसाच राहिला तर ती भरतीही फुकट.

महिपतनं उंबरठे झिजवले. पोलीस म्हणाले, "आमच्याकडून पोरीचं समदं साफ हाय. पण वरचा रिपोर्ट म्हंजे दिल्लीचं गुप्तवार्ता खातं, त्यांना आमी नाय विचारू शकत." आमदारांनी खातं केंद्राचं म्हणून हात वर केले. माहितीच्या अधिकारात विचारलं, तर कळलं की हे खातं त्या कायद्याच्या बाहेर आहे.

तेवढ्यात गोजरच्या माहेरच्या लग्नात गीताबाई भेटल्या. राज्यसभेच्या खासदार, पण बाई साधी. पंगतीत बसून त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "मी सभागृहात प्रश्न टाकते." झालं, महिपतच्या अंगात वारं शिरलं. जीपमध्ये बसणाऱ्या प्रत्येकाला तो सांगू लागला, माझ्या पोरीचा प्रश्न दिल्लीत गेलाय. स्नेहल पुन्हा पहाटेची धावायला लागली.

अधिवेशन संपल्यावर तो बाईंना भेटायला गेला. त्यांनी खुर्ची दिली, पाणी दिलं. मग म्हणाल्या, "महिपतराव, प्रश्न दाखलच करून घेतला नाही. गुप्त विषय म्हणे."

"पण तुमी तर देशाच्या खासदार."

"मी धरणाचं विचारू शकते, रेल्वेचं विचारू शकते, फौजेच्या बुटांचं विचारू शकते. पण या खात्याला समोर बसवून जाब विचारील अशी समितीच संसदेत नाही. दुसऱ्या देशांत असते. आपल्याकडे विषय निघतो, सगळे माना डोलावतात आणि उठून जातात."

"मंग त्यांना विचारतं कोण?"

"त्यांचे तेच," बाई म्हणाल्या.

राग यायला तरी समोर कोणीतरी पाहिजे ना. महिपतला कुणी दिसेना, म्हणून तो स्वतःलाच तपासू लागला. तानसाच्या बंधाऱ्यावर पाहुण्यांचे फोटो काढले होते, ते भोवलं असेल? मोर्चाला जीप भाड्यानं दिली, ते? का सिद्धगड बघायला आलेल्या परक्या पोरांना जीपनं सोडलं, ते? चांगलं वागलेलं एकेक आठवायचं आणि त्यात खोट शोधायची, असा त्याला नाद लागला. स्नेहल त्याला एका शब्दानं बोलली नाही. त्यानंच तो जास्त खचला.

पावसाच्या तोंडावर वाडी परतली. सगळं ऐकून दुसऱ्याच दिवशी बारक्या धुतलेला शर्ट घालून जीपपाशी उभा राहिला. म्हणाला, "दादा, माझं चुकलं. भट्टीवर पोरगी तापानं फणफणली होती. येका परक्या माणसानं आपल्या गाडीतून दवाखान्यात नेली, पोर वाचली. माझ्याकडं द्यायला दुसरं काय नव्हतं रे. फोनच देऊन टाकला, तुझ्या नावाच्या सिमसकट. मंग तो मानूस दिसलाच नाय."

पोर वाचलेली, महिपत आता कुणाला काय बोलणार?

"मी सांगतो त्यांना," बारक्या म्हणाला. "गुन्हा माझा हाय, दादाचा नाय. मला काय करायचं ते करा, स्नेहलताईला कामावर घ्या. चल, कुठं सांगायचं तिथं ने." आणि तो पुढच्या सीटवर जाऊन बसला.

महिपतनं सवयीनं जीप सुरू केली आणि गाव सोडून शहापूरच्या रस्त्याला लागला. फाट्यावर येऊन थांबला. पोलिसांचं दार झालं होतं, आमदारांचं झालं होतं, संसदेचंसुद्धा झालं होतं. बारक्याच्या सिमनंच घात केला की आणखी कशानं, हेही त्याला कधी कुणी सांगणार नव्हतं. खरं सांगणारा माणूस शेजारी बसला होता आणि त्याला न्यायला गाव नव्हतं.

"लांब हाय काय, दादा?" बारक्यानं विचारलं.

महिपतनं चावी फिरवून जीप बंद केली. त्याच्या जीपमधून आजवर त्यानं कुणाला मध्येच उतरवलं नव्हतं.

"उतर, बारक्या," तो म्हणाला. "कुठं न्यायचं, मला ठावं नाय."