चष्मा पुसणारे काका

अलकापुरीतल्या क्लासमध्ये मी सॉफ्टवेअर आर्किटेक्चर शिकत होतो, तेव्हा शेजारी एक काका बसायचे. नाव कधी कळलं नाही. अख्खं सॉफ्टवेअर एकत्र ठेवायचं की त्याचे तुकडे करायचे, असं सरांनी विचारलं की काका चष्मा काढायचे, शर्टाच्या टोकाने सावकाश पुसायचे आणि म्हणायचे, “डिपेंड्स.”

सर खूश! “आने कहेवाय आर्किटेक्ट! याला म्हणतात आर्किटेक्ट!”

आम्ही गाढवं सरळ उत्तरं देऊन बोलणी खायचो. शेवटच्या दिवशी मी वैतागून विचारलं, “पण काका, डिपेंड्स कशावर?”

ते दचकलेच. “अरे भाई, हे आजवर कुणी विचारलंच नाही!”

आता मीही आर्किटेक्ट आहे. डोळे ठणठणीत आहेत, तरी परवा दांडिया बाजारातून बिननंबरचा चष्मा आणला.