ट्रकमधल्या बाईची हाक

माहितीपटांसाठी जुनी दृश्यं शोधून देणं हे माझं काम. परवा धरणात गेलेल्या एका गावाचं रीळ हाती लागलं. त्याला आवाज नाही. सामानाने भरलेला ट्रक निघतो, मागे बसलेली बाई अर्धवट उठते आणि गावाकडे तोंड करून हाक मारते. ओठ दोनदा मिटतात, मग तोंड उघडंच राहतं. दृश्य तिथेच संपतं.

संकलक म्हणाला, "गर्दीचा आवाज आहे आपल्याकडे, तो टाकू. कोण एवढं ऐकतंय?" मीही मान डोलावली. आवाज अगदी चपखल बसला, आणि तेव्हापासून माझं चित्त थाऱ्यावर नाही. ती माणसाला हाक मारत होती, की मागे राहिलेल्या वासराला? गाव गेलं, घर गेलं, तिची म्हणून एक हाक उरली होती. त्या हाकेवरही आम्ही भलत्याच लोकांचा गलका ओतला.

आज दाढी करताना आरशासमोर मी ओठ दोनदा मिटले आणि तोंड उघडलं. बायको दारात उभी होती.

"अरे, कुणाला हाक मारतोयस?"

"तेच कळत नाहीये," म्हटलं, आणि तोंडावरचा फेस वाळेपर्यंत पुन्हा पुन्हा तेच करत राहिलो.