वखारीतला हद्दीचा दगड

आमच्या शाळेच्या मैदानाचा एक पट्टा शेजारच्या वखारवाल्याने हळूहळू गिळला. आधी चार ओंडके टेकवले, मग वर पत्रे घातले, मग भिंत. मुख्याध्यापकांच्या सांगण्यावरून अर्ज मी लिहिला. नगरपालिकेने नोटीस काढली. उत्तरात वखारवाल्याने अकरा वर्षांपूर्वीच्या सरकारी मोजणीचा नकाशा जोडला. त्यात तो पट्टा त्याचाच होता. खाली आमच्या गल्लीतल्या मोजणीदारांची सही.

मोजणीदार म्हणजे अतिशय सावकाश माणूस. सायकल लावली की दोन पावलं मागे जाऊन ती सरळ उभी आहे ना, हे बघायचे. पोरं म्हणायची, "काका घासही मोजून खातात." ते म्हणायचे, "बत्तीस वेळा चावतो, विचारा घरी." निवृत्तीनंतर ते बोलणं कमी झालं होतं. वखारवाला त्यांचा मेहुणा, बायकोचा धाकटा भाऊ.

सुनावणीला त्यांना साक्षीसाठी बोलावणं आलं. नकाशा टिकला तर आमचा अर्ज निकालात निघणार आणि मैदान गेलं. नाही टिकला तर फेरमोजणी, आणि अतिक्रमण ठरलं तर पाडण्याचा हुकूम. मी त्यांच्या घरी गेलो. पंख्याकडे बघत त्यांनी सगळं सांगितलं, हजेरी वाचावी तसं.

मोजणी हद्दीच्या दगडापासून धरायची असते. त्या दिवशी दगड ओंडक्यांच्या ढिगाखाली होता. ढीग हलवून दगड डोळ्यांनी बघायचा, हा नियम. हाताखालच्यांना हे ते स्वतःच बजावायचे. पण मेहुणा म्हणाला, "भाऊजी, दगड या खांबापाशीच आहे. माझ्यावर विश्वास नाही? चला, चहा गार होतोय." त्यांनी खांबापासून फीत धरली.

"तेवढीच एक मोजणी," ते म्हणाले. "बाकी सगळ्यांचे दगड पाहिले."

बायको दारात उभी होती. "खोटं बोला असं मी म्हणत नाही. आठवत नाही म्हणा. चष्मा कुठे ठेवला ते तरी कुठे आठवतं तुम्हाला?"

"चष्म्याचा नकाशा काढला नव्हता मी."

"मला एकच भाऊ आहे हो."

त्यांनी उठून पंखा बंद केला. मीही उठलो.

सुनावणीच्या खोलीत फायलींच्या वासाने डोकं जड झालं होतं. अधिकाऱ्याने विचारलं, "दगड तुम्ही स्वतः पाहिला होता?"

"नाही."

"मग नकाशात दाखवलाय तो?"

"ऐकीव."

वखारवाला ताडकन उठला. "भाऊजी, ताईच्या तोंडाकडे तरी बघायचं होतंत!" अधिकाऱ्याने त्याला खाली बसवलं. मोजणीदारांनी जबाब एकदा वाचला, एक स्वल्पविराम दुरुस्त करून घेतला आणि सही केली.

फेरमोजणीत ढीग हलवला. दगड खांबापासून एकोणीस पावलं आत, वखारीच्या अंगाला निघाला. हुकूम झाला. वखारवाल्याने अपील केलं, तेही फेटाळलं गेलं. पत्रे उतरले, भिंत पडली. मोजणीदारांना खात्याकडून चौकशीची नोटीस आली. ती त्यांनी वीजबिलांच्या फाईलमध्ये लावून ठेवली.

मैदान मोकळं झाल्याचं सांगायला मी गेलो, तेव्हा ते डाळ निवडत बसले होते. "बरं झालं," म्हणाले. मुलं खेळतायत का, हेही विचारलं नाही.

तेवढ्यात बायको बाहेरून आली. चपला काढून तिने पदराने मान पुसली.

"भेटला?" त्यांनी विचारलं.

"दार उघडलं नाही. आत रेडिओ चालू होता."

"थांबायचं होतंस थोडं."

"तासभर थांबले."

ती त्यांच्यासमोर बसली आणि ताटातली अर्धी डाळ तिने आपल्याकडे ओढली. दोघंही खडे काढू लागली.