समधिणीच्या गोफाचं आयतन

भौतिकशास्त्राची ओळख कुणालाही घरी करून देऊ नये, असं माझं स्पष्ट मत आहे. हाच विषय शिकवून मी पोट भरतो, त्यामुळे हे मत शाळेत बोलून दाखवत नाही.

बालाघाटच्या एका शाळेत मी अकरावी-बारावीला फिजिक्स शिकवतो. मुलांना शास्त्रज्ञांची नावं आठवत नाहीत (ऐन वेळी मलाही नाहीत), म्हणून आमच्या वर्गात त्यांना कामावरून ओळखतात. झाडाखाली बसला तो सफरचंदवाला. ढगातली वीज धरायला निघाला तो पतंगवाला. ज्यानं बायकोच्या हाताची हाडं जगाला दाखवली तो क्ष-किरणवाला. समुद्र निळा का, या विचारात बोटीवर बसून राहिला तो आपला दर्यावाला. आणि या सगळ्यांच्या आधीचा, माझा सर्वांत लाडका, तो अंघोळवाला.

या अंघोळवाल्यापायी माझ्या मुलीचं लग्न मोडता मोडता राहिलं.

अश्विनीचं साक्षगंध होतं, म्हणजे साखरपुडा. मुलाकडची मंडळी आमगावची, म्हणजे सीमेपलीकडची, महाराष्ट्रातली. मुलगा अश्विनीनं स्वतः पसंत केलेला. आम्ही लवकर तयार झालो, पण त्याच्या आईचं, म्हणजे माझ्या समधिणीचं (तुमच्याकडे विहिणीचं), मन वळायला फार दिवस लागले होते आणि ते नुकतंच, जेमतेम वळलं होतं. म्हणून माझ्या बायकोनं, संध्यानं, सकाळीच मला बजावलं.

"आज तुमी फक्त हौ जी म्हना. बाकी काई बोलू नोका."

मी बराच वेळ हौ जी म्हणत होतो. रस्ता खराब आहे, हौ जी. धान यंदा बरं आहे, हौ जी. तेवढ्यात समध्यांनी, मुलाच्या वडिलांनी, सहज विचारलं, "गुरुजी, हे फिजिक्स म्हंजे असते तरी काय जी?"

मास्तराला असं कुणी विचारू नये.

मी सफरचंदापासून सुरुवात केली आणि अंघोळवाल्यावर आलो. राजाला संशय आला, सोनारानं मुकुटात चांदीची खोट घातली. मुकुट न मोडता ओळखायचं कसं? विचार करत हा गडी काठोकाठ भरलेल्या टबात बसला, पाणी सांडलं आणि "सापडलं, सापडलं" म्हणत तसाच रस्त्यावर धावला. (तसाच म्हणजे कसा, ते सगळ्यांना ठाऊक आहे. समोर समधीण बसली होती म्हणून मी त्याला धोतर नेसवलं.)

"पन सापडलं काय?" समधी म्हणाले.

आता प्रयोग दाखवणं आलंच. समोरच्या ताटात समधिणीचा सोन्याचा गोफ होता. तिच्या सासूनं तिला घातलेला तो गोफ ती आज अश्विनीच्या गळ्यात घालणार होती. मी परातीत काठोकाठ भरलेला लोटा ठेवला, गोफाला दोरा बांधला आणि हळूच पाण्यात सोडला. पाणी परातीत सांडलं.

"पाहा, सोन्यात खोट असली तं पानी जास्त सांडते," मी विजयी मुद्रेनं म्हणालो.

आपण काय बोललो, हे मला सगळ्यात शेवटी कळलं.

"म्हंजे आमच्या सोन्याची परीक्षा घेऊन राह्यले तुमी?" समधीण म्हणाली.

"नाई जी, परीक्षा काहून? मी तं फक्त आयतन काढून राह्यलो."

(आमची शाळा हिंदीतली. मराठीत ज्याला आकारमान म्हणतात, त्याला आमच्या फळ्यावर आयतन म्हणतात. हे समधिणीला कोण सांगणार? तिच्या आमगावच्या कानाला 'आयतं नं' ऐकू आलं.)

"आयतं? माह्या सासूचा गोफ हाय तो. कोनाले आयता नाई भेटला. आयतंच पाह्यजे होतं तं तसं सांगाचं."

"आयतं नाई जी, आयतन. ते सगळ्यांलेच असते." आता समजावून सांगायचं तर उदाहरण हवं. "माह्यं कमी हाय, तुमचं जरा जास्त."

समधीण अंगानं चांगली भरलेली आहे, हे मी सांगायचं राहिलंच.

"पापा, चुप रहो ना," अश्विनी रडकुंडीला येऊन म्हणाली.

"चहा ठेवते," असं म्हणत संध्यानं समोरचा लोटा उचलला आणि आत पळाली. समधीण उठून उभी राहिली. "चला जी. आन आमचा गोफ द्या."

मी दोरा पाहिला. दोरा माझ्या हातात होता, त्याच्या टोकाला काहीच नव्हतं. ओली गाठ सुटली होती आणि गोफ लोट्याबरोबर आत गेला होता.

"आनतो जी," म्हणून मी स्वयंपाकघरात गेलो. संध्या नव्हती, शेजारी आलं मागायला गेली होती. लोटा मोरीजवळ पालथा घातलेला. म्हणजे पाणी गोफासकट नालीत गेलं. मागच्या दारी जाऊन मी बाही वर केली आणि नालीत कोपरापर्यंत हात घातला.

"काय करून राह्यले गुरुजी?" मागून समध्यांनी विचारलं.

"निरीक्षण," मी म्हणालो.

हे निरीक्षण पाहायला सगळं साक्षगंध मागच्या दारी जमा झालं. मग खरं सांगावंच लागलं. अश्विनी भिंतीला टेकून रडत होती. एका सोप्या प्रश्नाला 'हौ जी' म्हणता आलं नाही म्हणून मी माझ्याच लेकीचं लग्न नालीत घातलं होतं. मला खरोखर रडू आलं. चिखलाचा हात डोळ्यांना लावता येईना, म्हणून तसाच रडलो.

"बिनसाखरेचा कोनाले?" आतून संध्याचा आवाज आला आणि पाठोपाठ 'टण्ण'.

ती गाळणी घेऊन दारात आली. गाळणीत चहापत्ती, आलं, आणि मधोमध वाफाळणारा गोफ. लोट्यातलं पाणी तिनं सरळ चहाच्या पातेल्यात ओतलं होतं. गोफ पडल्याचा आवाज कसा आला नाही? तेव्हाच कुकरची शिट्टी झाली होती. (वाफेचा दाब. तेही फिजिक्सच.)

समधिणीनं गोफ पदरानं पुसला, उजेडात धरला, उलटसुलट केला. मग तिचे खांदे हलायला लागले. ती हसत होती.

"इतका उकळला, पन रंग नाई सोडला. पाह्यलं नं गुरुजी? गोफ पास झाला. तुमी मातर नापास."

(शास्त्रीयदृष्ट्या या परीक्षेला काडीचा अर्थ नाही. हे मी बोललो नाही.)

"हौ जी," मी म्हणालो.

तो गरम गोफ तिनं अश्विनीच्या गळ्यात घातला. माझा जीव भांड्यात पडला, तोही बहुतेक चहाच्याच.

आता आमगावला लेकीकडे गेलो की समधीण माझा कप मुद्दाम काठोकाठ भरते. उचलला की चहा बशीत सांडतो. "घ्या समधीजी," ती म्हणते, "तुमचं आयतन." मी हौ जी म्हणून बशीतला चहा मुकाट्यानं पितो, आणि तो किती सांडला याचा हिशोब मनातल्या मनातसुद्धा करत नाही.